श्रद्धा, बुद्धि आणि नारायण वामन टिळक

धर्माच्या बाबतींत मनुष्यानें आपली बुद्धि चालवावी कीं नाहीं, या प्रश्नाचा निकाल आपल्याकडे फार विचित्र रीतीनें लावला जातो. जो गृहस्थ पेठेंत दमडीचा हिशेब तपासल्याशिवाय पावतीवर सही करीत नाहीं, व कोर्टांत साक्षीदाराची उलटतपासणी झाल्याशिवाय त्याच्या शब्दावर विश्वास ठेवीत नाहीं, तोच गृहस्थ धर्माची गोष्ट निघाली म्हणजे विचार करणें हेंच पाप समजूं लागतो. आणि घरांतील एखाद्या मुलानें किंवा सुनेनें तसा विचार करण्याचें धाडस केलेंच, तर त्या विचाराला उत्तर देण्याच्या भानगडींत न पडतां सरळ दाराची कडी लावून मोकळा होतो. दुसरीकडे कांहीं नवशिक्षित मंडळी अशी आहेत कीं, श्रद्धा म्हणजे अडाण्याचा भोळेपणा, असें एकदां ठरवून टाकल्यावर पुढें कशाचीच चौकशी करण्याची त्यांस गरज वाटत नाहीं. या दोन्ही पक्षांचा आळस एकाच जातीचा आहे. दोघांनाही विचार करावयास लावील असें एक चरित्र आमच्या सातारा शहराशीं अखेरच्या काळांत निगडित झालेलें आहे, आणि तें आज वाचकांपुढें ठेवण्याचें आम्हीं योजिलें आहे.

तें चरित्र रेव्हरंड नारायण वामन टिळक यांचें होय. आडनांवावरून लोकमान्यांशीं त्यांचा घोटाळा करणारे लोक अद्याप आढळतात, म्हणून हें प्रथमच सांगणें बरें. दोघेही मूळचे कोंकणचे, दोघेही चित्पावन, दोघांच्याही अंगीं देशाभिमान पुरेपूर. पण दोघांच्या वाटा अगदीं निराळ्या. नारायणरावांचा जन्म रत्नागिरी जिल्ह्यांतील करजगांवीं १८६१ सालीं झाला. वडील तापट, मुलाचा सारा ओढा आईकडे. ती माउली तो लहान असतांनाच वारली, आणि त्यानंतर मुलाचें मन घरांत रमलें नाहीं. तो नाशिकास गेला. तेथें गणेशशास्त्री लेले यांच्यापाशीं त्यानें संस्कृत काव्याचा अभ्यास केला. इंग्रजी शाळेंतही कांहीं काळ काढला. पुढें पोटासाठीं शिक्षकी, कीर्तन, पुराण, छापखान्यांतील काम अशा नाना उद्योगांत त्यांचीं तरुणपणाचीं वर्षें गेलीं. एका गांवीं फार दिवस टिकून राहणें त्यांच्या स्वभावांतच नव्हतें. नाशिकजवळच्या जलालपूरच्या गोखल्यांची मुलगी मनकर्णिका हिच्याशीं त्यांचें लग्न झालें तेव्हां ती अवघी अकरा वर्षांची होती. सासरीं तिचें नांव लक्ष्मी ठेवण्यांत आलें. या बाईंविषयीं आम्हांस पुढें बरेंच लिहावयाचें आहे.

नागपुरास आप्पासाहेब बुटी यांच्या आश्रयानें टिळकांस प्राचीन ग्रंथांच्या अध्ययनाची संधि मिळाली. तेथें त्यांनीं ‘ऋषि’ नांवाचें मासिक चालविलें. वेदादि ग्रंथांचा अर्थ लोकांस समजावून सांगावा, या हेतूनें आरंभिलेल्या या कामांत एक अडचण उत्पन्न झाली, व ती प्रामाणिक मनुष्यालाच उत्पन्न होते. दुसऱ्यास समजावून सांगूं लागलें म्हणजे आपणांस काय समजलें आहे आणि काय नुसतें पाठ आहे, याचा उलगडा होतो. टिळकांचा एकेक आधार डळमळूं लागला. परंतु जुनें सुटलें म्हणून त्यांनीं धर्माचा विचारच सोडून दिला नाहीं. त्यांनीं स्वतःपुरतीं धर्माचीं कांहीं सूत्रें मांडलीं. जगाचा कर्ता ही कोणी तरी व्यक्ति आहे, सर्व मनुष्यें त्याचीं लेंकरें आहेत, त्याची भक्ति करणें व भावंडांवर प्रेम करणें हेंच धर्माचें सार होय, असा त्यांचा आशय होता. येथें ध्यानांत घेण्याजोगी गोष्ट ही कीं, हीं सूत्रें मांडलीं गेलीं तेव्हां कोणा पाद्र्यानें त्यांस उपदेश केलेला नव्हता, आणि कोणीं आमिषही दाखविलेलें नव्हतें.

पुढें १८९३ सालीं ते नागपुराहून राजनांदगांवास निघाले असतां आगगाडींत एका युरोपियन प्रवाशाशीं त्यांचें बोलणें झालें. काव्यावरून गोष्ट धर्मावर आली. त्या गृहस्थानें त्यांस ख्रिस्ती शास्त्राची एक प्रत दिली व तुम्ही दोन वर्षांत ख्रिस्ती व्हाल असें भाकीत केलें. तो गृहस्थ कोण होता याचा पत्ता टिळकांस पुढें कधींच लागला नाहीं. त्यांनीं पुस्तक वाचावयास घेतलें तें सहज. परंतु मत्तयाच्या शुभवर्तमानांतील डोंगरावरील प्रवचन वाचतांच त्यांच्या मनाची पकड बसली. जीं सूत्रें त्यांनीं स्वतःच्या विचारानें जुळविलीं होतीं, त्यांचा पुरावा आणि विस्तार त्यांस तेथें सांपडला. तरीही त्यांनीं घाई केली नाहीं. दोन वर्षें वाचन, पत्रव्यवहार, शंका, प्रतिशंका असा क्रम चालला होता.

येथें श्रद्धा कोठें संपली आणि बुद्धि कोठें सुरू झाली, असा प्रश्न वाचकांच्या मनांत येईल. हा प्रश्न ख्रिस्ती मंडळांत फार जुना आहे, व त्याचा इतिहास आपणांसही बोधप्रद आहे. कँटरबरीचा धर्माध्यक्ष आन्सेल्म हा इसवी सनाच्या अकराव्या शतकांतला. त्याचें मत असें कीं, श्रद्धा ही आधीं यावयाची. परंतु तिनें स्वस्थ बसतां कामा नये, जें मानलें तें समजून घेण्याची खटपट तिनें केलीच पाहिजे. त्याच्यामागून पॅरिसमध्यें आबेलार नांवाचा पंडित निघाला. त्यानें पूर्वाचार्यांचीं परस्परविरोधी वचनें एकापुढें एक मांडून, शंकेवांचून शोध नाहीं व शोधावांचून सत्य नाहीं, हें विद्यार्थ्यांस शिकविलें. त्याचें बक्षीस म्हणून ११२१ सालीं स्वासों येथील धर्मसभेनें त्याच्याच हातून त्याचा ग्रंथ अग्नींत टाकविला. तेराव्या शतकांत थॉमस अक्वायनस झाला. या इटालियन सरदारपुत्रानें भिक्षु होण्याचें ठरवितांच त्याच्या सख्ख्या भावांनीं त्यास वाटेंत धरून आणलें, आणि सुमारें वर्षभर घरच्या किल्ल्यांत अडकवून ठेवलें. परंतु त्याचा निश्चय ढळला नाहीं. अरबी भाष्यकारांच्या द्वारें युरोपास नव्यानें मिळालेलें ॲरिस्टॉटलचें तत्त्वज्ञान त्यानें टाकून दिलें नाहीं. उलट तें ख्रिस्ती सिद्धांतांशीं जुळवून पाहिलें. ईश्वर आहे, येथपर्यंत बुद्धि आपल्या पायांनीं चालत जाऊं शकते; त्यापुढील कांहीं गोष्टी बुद्धीच्या आटोक्याबाहेरच्या असल्या तरी बुद्धीच्या विरुद्ध नाहींत; कारण दोन्हींचा उगम एकच आहे, असा त्याचा निर्णय. १२७४ सालीं तो वारला. तीनच वर्षांनीं पॅरिसच्या धर्माध्यक्षानें २१९ मतांचा निषेध पुकारला, त्यांत थॉमसच्या मतांशीं मिळतींजुळतीं कांहीं होतीं. आणि १३२३ सालीं त्याच मंडळानें त्याच थॉमसला संतमालिकेंत बसविलें. विचार करणाऱ्याला आधीं दंड आणि मागाहून पूजा, ही रीत केवळ आपल्याच देशाची नव्हे.

आपल्या नैयायिकांस हा विचार परका वाटला नसता. प्रत्यक्ष, अनुमान आणि उपमान यांच्या जोडीला शब्द हें प्रमाण त्यांनीं मानलें. परंतु शब्द म्हणजे कोणाचाही शब्द नव्हे, आप्ताचा शब्द. आप्त कोण, हें ठरविण्याचें काम मात्र बुद्धीचेंच राहतें. न्यायासनापुढें आम्हांस रोज हाच प्रकार दिसतो. न्यायाधीशानें घटना डोळ्यांनीं पाहिलेली नसते. तो साक्षीवर विसंबतो. पण साक्षीदार विसंबण्याजोगा आहे कीं नाहीं, हें तो पारखून घेतो. सांगलीच्या व्यापाऱ्यांस तर हें सांगावयासही नको. हरिपुरास जमिनींतील पेवांत हळद सांठविण्याची पद्धत पिढ्यान्‌पिढ्या होती. पेवाच्या तळापर्यंत उतरून कोणी गिऱ्हाईक गांठ अन् गांठ तपाशीत नसे. तो नमुना पाही, पेवाच्या मालकाची पत पाही, आणि सौदा करी. नमुना न पाहतां घेणारा मूर्ख ठरला असता, आणि तळ दिसल्यावांचून घेणारच नाहीं असें म्हणणाऱ्याला हळद कधींच मिळाली नसती. टिळकांनीं जें केलें तें याच तऱ्हेचें होतें. त्यांनीं नमुना दोन वर्षें पारखला, आणि मग सौदा केला.

त्या सौद्याची किंमत मात्र जबर होती. १० फेब्रुवारी १८९५ रोजीं मुंबईंत त्यांनीं बाप्तिस्मा घेतला. तो गोऱ्या मिशनरीच्या हातून न घेतां हिंदी पाळकाच्या हातूनच घ्यावयाचा, असा त्यांनीं आग्रह धरला व तो पार पाडला. यावरून त्यांचा स्वाभिमान त्या क्षणींही जागा होता, हें दिसून येईल. या काळीं कायद्यानें धर्मांतर करणाऱ्यास संरक्षण दिलेलें होतें. १८५० च्या एकविसाव्या कायद्यामुळें केवळ धर्म किंवा जात सुटली एवढ्याच कारणानें कोणाचा वारसाहक्क बुडत नसे. पण कायदा शेत राखूं शकतो, वाडा राखूं शकतो. आईबापांच्या पंक्तीचें पान तो राखूं शकत नाहीं. टिळक नातेवाइकांस मेल्यासारखे झाले. १८६६ च्या दुसऱ्या एका कायद्याप्रमाणें, धर्मांतरामुळें बायको नांदावयास येत नसल्यास नवख्रिस्त्यास कोर्टामार्फत विवाह मोडून घेतां येत असे. टिळकांनीं तो मार्ग धरला नाहीं. ते वाट पाहत राहिले.

आतां लक्ष्मीबाईंची बाजू. आम्हांस टिळकांविषयीं कितीही आदर असला, तरी येथें त्यांस दोष दिल्यावांचून राहवत नाहीं. ज्या मनुष्यानें स्वतःसाठीं दोन वर्षें विचाराचा अवकाश घेतला, त्यानें आपल्या सहधर्मचारिणीस त्या विचारांत सामील करून घेतलें नाहीं. निर्णय त्यांचा; वनवास तिचा. लहान मुलाला पोटाशीं धरून ती नातेवाइकांच्या आश्रयानें सुमारें पांच वर्षें राहिली. आपल्या सुधारक पुरुषांचा हा जुना रोग आहे. ते देशाला स्वातंत्र्य मागतात, बुद्धीला स्वातंत्र्य मागतात, परंतु घरांतील स्त्रीलाही बुद्धि आहे ही गोष्ट त्यांच्या ध्यानांत सर्वांच्या शेवटीं येते. लक्ष्मीबाईंनीं मात्र आपली बुद्धि सिद्ध करून दाखविली. त्या नवऱ्याकडे परत आल्या त्या सोंवळेंओंवळें बरोबर घेऊन. ख्रिस्ती वस्तींत राहूनही पाणी वेगळें, स्वयंपाक वेगळा. कोणीं त्यांच्यावर जबरदस्ती केली नाहीं. पुढें त्यांनीं स्वतःशींच विचार केला कीं, हा भेद ईश्वरानें केला कीं मनुष्यांनीं. आणि मनुष्यांनींच केला असें मनास पटतांच त्यांनीं तो एका दिवसांत टाकून दिला. १९०० सालीं त्यांनीं बाप्तिस्मा घेतला, तो अशा रीतीनें स्वतःच्या पायांनीं तेथवर चालत जाऊन. नवरा ज्या वाटेनें गेला त्याच वाटेनें ती गेली खरी, परंतु त्याच्या पदराला धरून नव्हे.

अहमदनगरास टिळकांचीं कर्तृत्वाचीं वर्षें गेलीं. ख्रिस्ती धर्मशिक्षणाच्या शाळेंत त्यांनीं शिकविलें. १९०४ सालीं त्यांस पाळकाची दीक्षा मिळाली. १९१२ पासून ‘ज्ञानोदया’च्या मराठी भागाचें संपादन त्यांनीं केलें. त्यांचें सर्वांत मोठें काम म्हणजे त्यांनीं महाराष्ट्रांतील ख्रिस्ती भक्तीला मराठी कंठ दिला. त्यांच्यापूर्वीं देवळांत इंग्रजी चालीवर बसविलेलीं भाषांतरें बरींच गाइलीं जात असत. टिळकांनीं अभंग, ओवी, भजन, कीर्तन यांचा मार्ग खुला केला. तुकोबांच्या अभंगांच्या पुलावरून आपण ख्रिस्तापाशीं पोंचलों, असें ते उघडपणें मान्य करीत. हें काम सर्वस्वीं नवें नव्हतें. १५७९ सालीं गोव्यास आलेला इंग्रज जेझुइट थॉमस स्टीफन्स यानें १६१६ सालीं आपलें ‘क्रिस्तपुराण’ मराठी ओव्यांत छापविलें होतें. परंतु स्टीफन्स बाहेरून येऊन मराठी शिकला; टिळकांस ती आईच्या दुधाबरोबर मिळाली होती. त्यांच्या निसर्गकविता, मुलांफुलांवरील कविता व देशभक्तिपर कविता मराठी वाचकांनीं धर्म न विचारतां आपल्या मानल्या. बालकवि ठोमरे यांच्यासारखा हिंदु कुमार त्यांच्या घरीं मुलासारखा राहिला, आणि त्याचा धर्म त्यास कोणीं विचारला नाहीं.

येथें राष्ट्रीय पक्षाच्या लोकांसही दोन शब्द सांगणें आम्हांस प्राप्त आहे. धर्मांतर केलेला मनुष्य देशाला मुकला, अशी समजूत आमच्यांत पुष्कळ वर्षें रूढ होती. टिळकांचें चरित्र हा त्या समजुतीवर रोख पुरावा आहे. ज्या मंडळांत ते गेले, तेथेंही ते परक्यांच्या ओंजळीनें पाणी प्यावयास तयार झाले नाहींत. हिंदी ख्रिस्ती मंडळ परदेशी पैशावर व परदेशी पद्धतीवर उभें राहूं नये, तें आपल्या मातींतून उगवावें, हा त्यांचा ध्यास होता. १९१७ सालीं त्यांनीं मिशनची नोकरी व तिचा पगार सोडून संन्यस्त वृत्तीनें राहण्याचें ठरविलें, आणि साताऱ्यास ‘देवाचा दरबार’ स्थापन केला. बाप्तिस्मा घेतलेले आणि न घेतलेले, अशा दोन्ही प्रकारच्या ख्रिस्तभक्तांस तेथें सारखीच जागा होती. ही कल्पना जुन्या ख्रिस्ती मंडळींसही सहजासहजीं रुचण्याजोगी नव्हती, कारण बाप्तिस्म्याची कुंपणरेषाच तींत पुसट होत होती. एकदां जातीनें बाहेर टाकलेला हा मनुष्य वयाच्या पंचावन्नाव्या वर्षानंतर दुसऱ्यांदा सुखरूप छप्पर सोडून उघड्यावर आला, आणि तेंही बुद्धीला पटलें म्हणूनच. दुर्दैवानें त्यांस फार दिवस मिळाले नाहींत. ९ मे १९१९ रोजीं मुंबईंत त्यांचें देहावसान झालें.

मागें राहिलेलें ‘ख्रिस्तायन’ हें काव्य अपुरें होतें. पहिले थोडेच अध्याय टिळकांच्या हातून झाले होते. बाकीचे ६४ अध्याय लक्ष्मीबाईंनीं रचले. ज्या बाईला नवऱ्यानें लग्नानंतर अक्षरओळख करून दिली, तिनें नवऱ्याचा ग्रंथ तडीस नेला! १९३६ सालीं त्या वारल्या, आणि १९३८ सालीं तें काव्य प्रसिद्ध झालें. १९३४ पासून भागशः निघालेलीं त्यांचीं ‘स्मृतिचित्रें’ तर मराठींतील आत्मचरित्रांत अग्रपूजेचा मान मिळवून बसलीं आहेत. त्यांत नवऱ्याच्या थोरवीचें कौतुक आहे आणि त्याच्या विक्षिप्तपणाची थट्टाही आहे. श्रद्धा आणि परीक्षण हीं दोन्हीं एका संसारांत कशीं नांदतात, हें ज्यांस पाहावयाचें असेल त्यांनीं तें पुस्तक अवश्य वाचावें.

ज्या १८९५ सालीं टिळकांनीं बाप्तिस्मा घेतला, त्याच सालीं जून महिन्यांत गोपाळ गणेश आगरकर वारले. आगरकरांचा जन्म आमच्याच सातारा जिल्ह्यांत, कऱ्हाडजवळच्या टेंभू गांवीं १८५६ सालीं झाला. त्यांनीं बुद्धीखेरीज दुसरें प्रमाण मानलें नाहीं, धर्मही बदलला नाहीं, आणि समाजांत राहूनच समाजाचे तडाखे सोसले. पुण्यांतील लोकांनीं ते हयात असतांनाच त्यांची प्रेतयात्रा काढली. दोघे निघाले एकाच प्रश्नापासून. पोंचले मात्र दोन दिशांस. एकाचा शोध विवेकापाशीं थांबला, दुसऱ्याचा भक्तीपाशीं. दोघांपैकीं कोणाचा निर्णय बरोबर, याचा निकाल देण्यास आम्ही बसलों नाहीं, व तो आमचा अधिकारही नाहीं. आम्हांस एवढेंच दाखवावयाचें आहे कीं, दोघांच्याही निर्णयामागें स्वतःचा शोध होता, दोघांनींही त्याची किंमत स्वतःच्या खिशांतून दिली, आणि समाजानें दोघांशींही व्यवहार केला तो एकाच पद्धतीनें: मुद्द्याचें उत्तर न देतां माणसालाच मेला म्हणून.

ही पद्धत किती विसंगत आहे, हें पाहावयास लांब जाण्याचें कारण नाहीं. मिरजेस डॉ. वानलेस यांनीं १८९४ सालीं सुरू केलेल्या मिशनच्या रुग्णालयांत सांगली, सातारा, कोल्हापूर, बेळगांव इकडील सर्व जातींच्या लोकांनीं शस्त्रक्रिया करून घेतल्या आणि ते बरे होऊन घरीं परतले. पोट फाडून घेण्यास ख्रिस्ती हात चालला. परंतु ख्रिस्ती झालेल्या सख्ख्या भावाच्या हातचें पाणी चाललें नाहीं! संकटांत बुद्धीची कास धरावयाची आणि संकट टळलें म्हणजे तिला उंबऱ्याबाहेर बसवावयाची, याला श्रद्धा हें नांव देणें हा श्रद्धेचा अपमान होय.

वाचकांस आमची विनंति धर्म बदलण्याची नाहीं, आणि न बदलण्याचीही नाहीं. आमिषानें, भीतीनें किंवा अडचणींतील माणसाला गांठून जें मतांतर घडविलें जातें, त्याचा आम्ही कोणत्याही धर्माच्या बाबतींत निषेधच करूं; कारण तेथें बुद्धीला बोलूंच दिलेलें नसतें. परंतु आपल्या घरांतील तरुण मुलगा किंवा मुलगी उद्यां पुढें येऊन, मीं विचार केला आणि मला तुमचें म्हणणें पटत नाहीं, असें म्हणेल, मग तें देवाविषयीं असो, जातीविषयीं असो वा लग्नाविषयीं असो, तर त्या वेळीं कडीकडे हात नेण्यापूर्वीं घरांतील वडील मंडळींनीं दोन गोष्टी कराव्यात. पहिली, त्याचें म्हणणें शेवटपर्यंत ऐकून घ्यावें; आणि दुसरी, आपणांस त्याला काय उत्तर देतां येतें तें शोधावें. उत्तर चांगलें असेल तर मूल घरांतच राहील. उत्तर नसेल तर दार लावल्यानें तें सांपडणार नाहीं. आणि त्या मुलानेंही लक्ष्मीबाईंचीं पांच वर्षें आठवावीं. आपल्या निर्णयाचा भार ज्यांच्यावर पडावयाचा, त्यांस आधीं विश्वासांत घेण्याइतका धीर धरावा. दोन्ही बाजूंनीं एवढें झालें, तर साताऱ्यास टिळकांनीं मांडलेला दरबार दोन वर्षांतच उठला, याचें दुःख कांहींसें हलकें होईल.